दहाच्या खांद्यावरचा अंक : प्रस्तावना

पावसाळा उतरणीला लागला की धंतोलीतल्या पॅथॉलॉजी लॅबच्या काउंटरवर गर्दी वाढते. डेंग्यूचे दिवस असतात. नागपूरकरांना सांगायला नको, बाहेरच्या वाचकासाठी सांगतो : धंतोली म्हणजे शहरातली दवाखान्यांची वस्ती. अख्ख्या विदर्भातून, शिवाय मध्य प्रदेश आणि छत्तीसगडच्या सीमाभागातून लोक इथे पेशंट घेऊन येतात. रिपोर्ट हातात पडला की नातेवाइकांची नजर एकाच ओळीवर जाते. प्लेटलेट किती? एका लॅबच्या कागदावर १,५०,००० असतं. दुसरीच्या कागदावर १.५ लाख. तिसरीच्या कागदावर नुसतं १५०, आणि पलीकडे एककाच्या रकान्यात बारीक टायपात ‘× १०^३ प्रति मायक्रोलिटर’. चौथीच्या कागदावरही १५०च, पण एकक ‘× १०^९ प्रति लिटर’. एककाचा रकाना सहसा कुणी वाचत नाही. मग ‘दीडशेच उरल्या का हो?’ असा घाबरा प्रश्न काउंटरवर येतो, आणि पलीकडचा माणूस समजावतो की अहो, दीड लाखच आहेत.

चारही कागद एकच गोष्ट सांगतात. एका लिटरमध्ये दहा लाख, म्हणजे १०^६ मायक्रोलिटर मावतात. तीन आणि सहा मिळून नऊ. एवढी बेरीज जमली की तिसरा आणि चौथा कागद एकमेकांशी जुळतात. हे पुस्तक त्या बेरजेबद्दल आहे.

दुसरा एक कागद लघवीच्या कल्चरचा. एका मिलिलिटरमध्ये जंतूंच्या १०^५ किंवा त्याहून जास्त वसाहती वाढल्या तर संसर्ग मानावा, ही सीमारेषा एडवर्ड कॅस या अमेरिकी डॉक्टरने १९५६ साली मांडली आणि जगभरच्या लॅबमध्ये ती रुजली. छापील रिपोर्टात पाचाचा अंक दहाच्या खांद्यावर बसलेला असतो. तोच मजकूर कॉपी करून व्हॉट्सअ‍ॅपवर पाठवला की बरेचदा पाच खाली घसरतो आणि एक लाखाचे एकशे पाच होतात. म्हणूनच या प्रस्तावनेत मी घातांक वर न चढवता कळफलकावरचं टोपीचं चिन्ह वापरलं आहे. कुठेही चिकटवलं तरी ते टिकतं. पुस्तकात मात्र घातांक नेहमीसारखा वर, बारीक टायपात आहे.

तिसरा कागद तर आपल्यापैकी बहुतेकांच्या वाट्याला आला होता, फक्त पाहिला कुणी नाही. पुण्याच्या सीरम इन्स्टिट्यूटच्या कोव्हिशील्ड लशीच्या माहितीपत्रकावर अर्ध्या मिलिलिटरच्या एका डोसात विषाणूकण किती, ते छापलं होतं : ५ × १०^१०. म्हणजे पाच हजार कोटी. ही संख्या दंडात टोचून घेतलेले मराठी लोक कोट्यवधी असतील, वाचलेले फार थोडे.

पद्धत दोन ओळींत सांगून होते. कोणतीही मोठी संख्या दोन तुकड्यांत लिहायची. पुढचा तुकडा एक किंवा त्याहून मोठा, पण दहाहून लहान. मागचा तुकडा दहाचा घात. दीड लाख म्हणजे १.५ × १०^५. पृथ्वीपासून सूर्याचं अंतर पंधरा कोटी किलोमीटर, म्हणजे १.५ × १०^८. गुणाकार करताना घातांकांची बेरीज, भागाकारात वजाबाकी. सातवी-आठवीत हे सगळं शिकवून होतं आणि परीक्षा संपली की विसरूनही होतं. विसरण्याचं कारण मला असं वाटतं की शाळेत ही पद्धत शून्यं वाचवण्याची युक्ती म्हणून शिकवतात. शून्यं वाचतात हे खरं, पण तो तिचा किरकोळ फायदा. मोठी संख्या समोर आली की आधी ती कोणत्या पायरीवर उभी आहे ते विचारायचं आणि मगच तिच्या अंगावरचे बारकावे पाहायचे, अशी सवय ही पद्धत लावते. वर दिलेल्या दोन उदाहरणांत पुढचा दीड तोच आहे; हजारपटीचा फरक खांद्यावरच्या अंकात आहे. आपला डोळा मात्र मोठ्या टायपाकडे आधी जातो. या पुस्तकाचा सगळा खटाटोप तो क्रम उलटा करण्यासाठी आहे : आधी घातांक वाचा, पुढचा आकडा नंतर.

याचं मला सापडलेलं सर्वांत देखणं उदाहरण विदर्भातलंच आहे. बुलढाणा जिल्ह्यातलं लोणार सरोवर उल्केच्या आघाताने झालेल्या विवरात आहे, याबद्दल आता वाद नाही. वाद आहे तो वयाबद्दल. थर्मोल्युमिनेसन्स पद्धतीने आलेलं उत्तर सुमारे बावन्न हजार वर्षं, सहा हजार इकडेतिकडे. पुढे २०१०च्या सुमारास आर्गॉन पद्धतीने आलेलं उत्तर सुमारे पाच लाख सत्तर हजार वर्षं, सत्तेचाळीस हजार इकडेतिकडे. शब्दांत वाचलं तर दोन उत्तरांचा एकमेकांशी काही संबंध दिसत नाही. घातांकी पद्धतीने लिहून पाहा : ५.२ × १०^४ आणि ५.७ × १०^५. पुढचे आकडे जवळजवळ शेजारी आहेत, भांडण सगळं घातांकाचं आहे. आता ज्या काळ्या बेसाल्टात हे विवर पडलं त्या दख्खनच्या खडकाचं वय घ्या, सुमारे ६.६ × १०^७ वर्षं. मोठं उत्तर खरं धरलं तरी सातातून पाच गेले, दोन उरले. उल्का पडली तेव्हाही खडक विवराच्या आजच्या वयाच्या शंभरपटीहून जुना होता. लहान उत्तर खरं धरलं तर हजारपटीहून. कागदावर आकडेमोड न करता, उभ्या उभ्या हे कळतं.

मोठ्या संख्यांना नावं देण्याची हौस आपल्याकडे फार जुनी आहे. यजुर्वेदाच्या वाजसनेयी संहितेत दसपटीने चढत जाणारी तेरा नावं येतात, एक पासून परार्धापर्यंत. इ.स. ११५०च्या सुमारास भास्कराचार्यांनी ‘लीलावती’त अठरा नावं दिली : एक, दश, शत, सहस्र, अयुत, लक्ष, प्रयुत, कोटी, अर्बुद, अब्ज, खर्व, निखर्व, महापद्म, शंकू, जलधी, अंत्य, मध्य, परार्ध. भास्कराचार्य आपल्या खानदेशाला जवळचे. चाळीसगावजवळच्या पाटणच्या शिलालेखातून कळतं की त्यांचे नातू चांगदेव यांनी आजोबांच्या ग्रंथांच्या अध्ययनासाठी तिथे मठ काढला होता. एकोणिसाव्या शतकात हा लेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला. बौद्ध परंपरेत ‘ललितविस्तर’ या ग्रंथात तरुण सिद्धार्थाची गणिताची परीक्षा होते. तो कोटीपासून पुढे शंभर-शंभर पटीच्या तेवीस पायऱ्या चढून ‘तल्लक्षण’ या संख्येपाशी पोचतो. ती १०^५३. दीक्षाभूमीच्या शहरात हा प्रसंग अधिक माहीत असायला हवा होता असं मला नेहमी वाटतं. राजपुत्राच्या परीक्षेत धनुष्यबाणाच्या बरोबरीने गणनेलाही जागा देणारी ती कथा आहे.

आता गंमत अशी की ही नावं एका जागी उभी राहत नाहीत. भास्कराचार्यांचा अयुत म्हणजे दहा हजार, १०^४. ललितविस्तरातला अयुत १०^९. संहितेतला परार्ध १०^१२, लीलावतीतला १०^१७. आणि घरोघरी पूजेच्या संकल्पात भटजी ज्या दुसऱ्या परार्धाचा उल्लेख करतात तो ब्रह्मदेवाच्या आयुष्याचा अर्धा भाग; पौराणिक हिशेबाने ४३२ कोटी वर्षांचा दिवस, तेवढीच रात्र, असे ३६० दिवस, शंभर वर्षं, त्याचं निम्मं. घातांकांत गुणाकार केला तर १.५५ × १०^१४ वर्षं येतात. एकाच नावाच्या तीन संख्या, आणि त्यांतल्या सर्वांत लहान-मोठीत लाखपटीचा फरक.

हे जुन्या पोथ्यांपुरतं राहिलं असतं तर गोष्ट वेगळी. नागपुरात मराठी आणि हिंदी एकाच वाक्यात नांदतात. इथल्या माणसाने हिंदी वर्तमानपत्रात ‘खरब’ वाचलं तर ते १०^११. मराठी कोष्टकातला ‘खर्व’ १०^१०. हिंदी पद्म १०^१५, आपला महापद्म १०^१२. आवाज तोच, किंमत दहापट, हजारपट वेगळी. इंग्रजांचंही काही निराळं नव्हतं. बिलियन म्हणजे अमेरिकेत पूर्वीपासून १०^९, ब्रिटनमध्ये १०^१२. ब्रिटिश सरकारने अधिकृतपणे अमेरिकी अर्थ स्वीकारला तो १९७४ साली. त्याआधीचं विलायती पुस्तक वाचनालयातून आणलं आणि त्यात बिलियन दिसला, तर प्रकाशनाचं साल आणि गाव पाहिल्याशिवाय पुढे जाऊ नये. १०^९ मात्र नागपूरला, लंडनला आणि न्यूयॉर्कला तेवढाच असतो.

वर आलेल्या ब्रह्मदेवाच्या दिवसाच्या, म्हणजे कल्पाच्या, ४३२ कोटींवरून एक बाजूचा मुद्दा. पृथ्वीचं आजचं मानलेलं वय ४.५४ × १०^९ वर्षं आणि कल्प ४.३२ × १०^९ वर्षांचा, हे पाहून अनेकांना भरून येतं. घातांक जुळला आहे, पुढचा आकडाही जवळ आहे. पण एक आकडा उल्कापाषाणांतल्या युरेनियम-शिशाच्या मोजणीतून आला आहे आणि दुसरा युगांच्या कोष्टकातल्या गुणाकारातून. संख्या जुळल्या म्हणून वाटा जुळत नाहीत. या पद्धतीने लिहिलेल्या संख्या एकमेकींशेजारी इतक्या सहज बसतात की असे योगायोग अधिक दिसायला लागतात; सावध राहावं.

नावांच्या परंपरेशेजारी दुसरी परंपरा स्थानांची. शून्य आणि स्थानिक किंमत हे भारताने जगाला दिलेलं देणं सर्वांना ठाऊक आहे, त्याची इथे उजळणी करत नाही. मला त्यातली एकच बाब महत्त्वाची वाटते : स्थान आलं की नाव ऐच्छिक होतं. सतरा शून्यं लिहिता आली की परार्ध शब्दाची गरज उरत नाही. फक्त आता शून्यं मोजावी लागतात, आणि तिथे स्वल्पविराम मदतीला येतो. आपला स्वल्पविराम आधी तीन आणि मग दोन-दोन अंकांनी पडतो, पाश्चात्त्यांचा तीन-तीन अंकांनी. दोन्ही पद्धती एकाच बँकेच्या कागदांवर शेजारी शेजारी पाहायला मिळतात.

तिसरी परंपरा घातांकांची. तिची सुरुवात शोधत गेलं तर आर्किमिडीजपाशी थांबावं लागतं. ‘वाळूचे कण मोजणारा’ या आपल्या ग्रंथात त्याने गेलॉन राजाला दाखवून दिलं की सगळं विश्व वाळूने भरलं तरी कणांची संख्या सांगता येते. त्याच्याकडे शून्य नव्हतं, स्थानिक किंमत नव्हती, दहा हजाराला एक शब्द होता आणि त्याच्या पुढे त्याने पायऱ्यांवर पायऱ्या रचल्या. आजच्या भाषेत त्याचं उत्तर १०^६३ च्या आसपास जातं. खांद्यावर लिहिलेले अंक युरोपात निकोला शुके याच्या १४८४ सालच्या हस्तलिखितात दिसतात आणि आज आपण लिहितो तसे देकार्तच्या १६३७ सालच्या ‘भूमिती’त. पण दहाचा घात हा रोजच्या हिशेबाचा भाग व्हायला मापंही दसपटीत असावी लागतात. आपल्याकडे सोळा आण्यांचा रुपया, बारा पैचा आणा, चाळीस शेरांचा मण असा कारभार होता, आणि त्यासाठी पावकी, निमकी, सवाई, दिडकी, औटकी यांचे पाढे होते. त्या जगात दहाचा घात उपरा होता. १ एप्रिल १९५७ला रुपयाचे शंभर नवे पैसे झाले, पाठोपाठ मेट्रिक वजनमापं आली, आणि मग कुठे घातांक आपल्या बाजारात पाय ठेवू शकला. औटकी पाठ असलेल्या पिढीचं गणित आमच्यापेक्षा चपळ होतं, हे मात्र मान्य करायला हवं.

चौथी परंपरा लॉगरिदमची, आणि महाराष्ट्रातल्या विज्ञान शाखेच्या मुलांना तीच सर्वांत जवळची. बोर्डाच्या बारावीच्या फिजिक्स-केमिस्ट्रीच्या पेपरला कॅल्क्युलेटर चालत नाही, लॉग टेबल चालतं. नेपियरने १६१४ साली लॉगरिदम मांडले, ब्रिग्जने १६२४ साली दहाच्या पायावरची कोष्टकं छापली, आणि चारशे वर्षांनंतर नागपुरातली मुलं परीक्षेला जाताना तीच कोष्टकं घडी करून नेतात. या टेबलाला मुलं नावं ठेवतात. मी ठेवत नाही. दीड लाखाचा लॉग ५.१७६१. त्यातला पाच, ज्याला वर्गात कॅरॅक्टरिस्टिक म्हणतात, तो टेबलात सापडत नाही, तो संख्येकडे पाहून आपणच लिहायचा असतो; टेबल सांगतं ते फक्त .१७६१, म्हणजे पुढच्या १.५ चा हिशेब. घातांक आधी, आकडे नंतर, ही शिस्त लॉग टेबल सक्तीने लावतं. कॅल्क्युलेटरला ती माहीत असते, पण तो ती आपल्याला शिकवत नाही.

लॉगची पट्टी आली की घातांक एकटाच उरतो, आणि तिथे लोकांची फसगत सुरू होते. ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटेचा किल्लारीचा भूकंप ६.२ तीव्रतेचा होता. सहा आणि सात यांत फरक एकाचा दिसतो. बाहेर पडणाऱ्या ऊर्जेत तो सुमारे बत्तीस पटींचा असतो. डेसिबल, पीएच, एचआयव्हीच्या तपासणीतला व्हायरल लोड, सगळीकडे हेच.

पाचवी परंपरा उपसर्गांची : किलो, मेगा, गिगा, टेरा. अभियंत्यांना ही आवडते, कारण तिच्यात घातांक तीन-तीनच्या उड्या मारतो. नोव्हेंबर २०२२ मध्ये वजनमापांच्या आंतरराष्ट्रीय परिषदेने १०^२७ साठी ‘रोना’ आणि १०^३० साठी ‘क्वेटा’ हे उपसर्ग मंजूर केले. पहिल्याचं नाव ऐकून आमच्याकडची हिंदी बोलणारी मंडळी हसतील. यापलीकडेही एक दुनिया आहे, जिथे घातांकाच्या खांद्यावर घातांक चढतो आणि तेवढ्यानेही भागत नाही म्हणून डोनाल्ड क्नुथ यांना १९७६ साली बाणांची चिन्हं काढावी लागली. त्या दुनियेला या पुस्तकात थोडकी जागा आहे. तिथल्या संख्या थक्क करतात, उपयोगी पडत नाहीत; आणि थक्क होण्यासाठी लोणार पुरेसं आहे.

आता या पद्धतीचा मला सर्वांत मोलाचा वाटणारा गुण. ती आपल्याला किती माहीत आहे हेही सांगते. २०११च्या जनगणनेत महाराष्ट्राची लोकसंख्या ११,२३,७४,३३३ भरली. हा आकडा पाहून वाटतं की शेवटच्या माणसापर्यंत सगळं ठाऊक आहे. पण जनगणना एका क्षणाची असते. दुसऱ्या दिवशी सकाळी उजवीकडचे तीन-चार अंक शिळे झालेले असतात, आणि मोजणीतून सुटलेली माणसं वेगळीच. १.१२ × १०^८ असं लिहिलं की लिहिणारा म्हणतो, तीन अंकांपर्यंत मी जबाबदार, पुढचं मला माहीत नाही. प्लेटलेटचंही तेच. सकाळी १.५ लाख आणि संध्याकाळी १.४६ लाख आल्या म्हणून घरात जो हलकल्लोळ होतो तो त्या दुसऱ्या दशांशावर उभा असतो. यंत्र तेच असलं तरी एवढी हालचाल मोजणीतच होऊ शकते. रोग वाढला की नाही ते डॉक्टर बाकीच्या लक्षणांसकट ठरवतात. १,४६,००० असं सहा अंकांत छापलं की मात्र प्रत्येक शून्य खात्रीचं वाटू लागतं. आपल्याकडच्या सरकारी आणि वर्तमानपत्री आकड्यांत मला ही खोटी खात्री वारंवार दिसते.

जिथे ही पद्धत चालत नाही तेही सांगायला हवं. देवळालीचे शाळामास्तर द. रा. कापरेकर (१९०५–१९८६) यांना हे लेखन मुळीच चाललं नसतं. त्यांचं सगळं संशोधन अंकांच्या घरात घुसून होतं : ६१७४ हा त्यांचा स्थिरांक जगात पोचला, आणि १, १२१, १२३२१ अशा चढत्या-उतरत्या ‘डेम्लो’ संख्यांना त्यांनी जीआयपी रेल्वेवरच्या एका स्टेशनचं नाव दिलं. अशा संख्येचे पुढचे दोन-तीन अंक ठेवून बाकीचे घातांकात लोटले तर कापरेकरांचं उरतं काय? आपल्या मोबाइलवरचे व्यवहार सुरक्षित ठेवणाऱ्या सांकेतिक लिपीतही प्रचंड संख्यांचा शेवटचा अंकसुद्धा शाबूत असावा लागतो.

आणि एक्सेल. कुठल्याही तहसील कचेरीत, शाळेत, पतसंस्थेत विचारा. लाभार्थ्यांच्या यादीत बारा अंकी आधार क्रमांक टाकला की रकान्यात १.२३४५७ई+११ असं काहीतरी उमटतं. एक्सेलने त्या क्रमांकाला संख्या मानलं आणि घातांकी लेखन केलं. ‘ई’ म्हणजे दहाचा घात, पुढचा अकरा म्हणजे घातांक. लेखन बिनचूक आहे, पण आधार क्रमांक ही संख्याच नव्हे. ते अंकांत लिहिलेलं नाव आहे, त्याची बेरीज कुणी करत नाही. रकाना ‘टेक्स्ट’ केला की प्रश्न मिटतो. सोळा अंकी खाते क्रमांकाचं मात्र नुकसान होतं, कारण एक्सेल पंधरा अंकांपर्यंतच स्मरणात ठेवतं आणि सोळाव्याच्या जागी शून्य घालतं. मग रकाना मागाहून बदलूनही गेलेला अंक परत येत नाही. मोजायची संख्या कोणती आणि नुसतं ओळखपत्र कोणतं, हा भेद शाळेत कुणी शिकवत नाही; या पुस्तकात तो आहे.

हे सगळं आज का, असं कुणी विचारलं तर मी अर्थसंकल्पाकडे बोट दाखवीन. केंद्राचा २०२५-२६चा अर्थसंकल्प पन्नास लाख कोटी रुपयांहून थोडा अधिक होता. मराठी वाचक ‘लाख कोटी’ हा शब्दप्रयोग आता सहज वाचतो, आणि त्यात घातांकांची बेरीज आधीच झालेली असते हे त्याच्या लक्षात येत नाही. लाख १०^५, कोटी १०^७, मिळून १०^१२. लीलावतीतलं महापद्म आपण सोडून दिलं आणि त्याच्या जागी एक गुणाकार वापरायला लागलो. पन्नास लाख कोटी म्हणजे ५ × १०^१३. देशाची लोकसंख्या १.४ × १०^९. तेरातून नऊ गेले, चार उरले, पाचाला १.४ ने भागलं की साडेतीनच्या वर. माणशी साधारण छत्तीस हजार रुपये. आता एखाद्या योजनेला पाचशे कोटी दिल्याची बातमी वाचा. ५ × १०^९. तेरातून नऊ गेले, म्हणजे एकूण खर्चाचा दहा हजारावा भाग, माणशी साडेतीन रुपये. ती योजना चांगली की वाईट हे यावरून ठरत नाही, पण मथळ्याचा टाइप केवढा असावा हे ठरतं. पाचशे कोटी आणि पाच लाख कोटी यांना जो देश एकाच आवाजात ‘कोट्यवधी’ म्हणतो, त्याला हिशेब मागणं अवघड जातं.

इथे दोन टोकाच्या आग्रहांना मी नकार देतो. एक म्हणतो, लाख-कोटी सोडा, जगाबरोबर मिलियन-बिलियन म्हणा. दुसरा म्हणतो, शंकू, जलधी, अंत्य पुन्हा चलनात आणा. पहिल्याने आपल्या जिभेवरची चालती नावं जातील आणि बदल्यात मिळतील ती नावंही, बिलियनची कथा वर सांगितली तशी, घसरणारीच. दुसऱ्याने फक्त स्पर्धा परीक्षेच्या गाईडांची पानं वाढतील. बोलताना लाख-कोटी आणि लिहिताना, पडताळताना घातांक, अशी जोडी मराठी माणसाला सर्वांत सोयीची आहे. पाच आणि सात हे दोन अंक लक्षात ठेवले की पूल बांधून होतो.

पुस्तक कोणासाठी, तर ज्याने गणित दहावीनंतर सोडलं आणि ज्याच्या हातात तरीही रोज मोठ्या संख्या येतात त्याच्यासाठी. लॅबच्या काउंटरवर बसणारे, बातम्यांचे मथळे देणारे, ग्रामपंचायतीचं अंदाजपत्रक वाचणारे, मुलांना शिकवणारे. म्हणून यातली उदाहरणं प्रयोगशाळेतून कमी आणि कागदपत्रांतून जास्त घेतली आहेत. अ‍ॅव्होगाड्रोचा अंक, ६.०२ × १०^२३, आहेच. पण तो रक्ताच्या थेंबानंतर येतो. इतिहास जिथे समज वाढवतो तिथेच घेतला आहे. गणित पक्कं असलेल्या वाचकाला काही ठिकाणी रेंगाळल्यासारखं वाटेल. त्याने ती पानं उलटावीत. मात्र अंदाज बांधण्याचे जे प्रसंग दिले आहेत, त्यांत उत्तर आधी पाहू नये. कागदही घेऊ नये. घातांकांची बेरीज तोंडी करून उत्तर कोणत्या पायरीवर येईल ते सांगावं आणि मग पान उलटावं. पायरी बरोबर आली तर उत्तर बरोबर समजावं, पुढचा आकडा दुप्पट चुकला तरी. शाळेतल्या सवयीने हे पचायला जड जातं. शाळेत हजाराच्या जागी दोन हजार लिहिले तर शून्य गुण, आणि हजाराच्या जागी दहा लाख लिहिले तरी शून्यच. मोठ्या संख्यांच्या व्यवहारात या दोन चुका एका तोलाच्या नाहीत.

उणे घातांक, म्हणजे अतिशय लहान संख्या, मुद्दामच बाहेर ठेवल्या आहेत. थायरॉइडच्या आणि व्हिटॅमिनच्या रिपोर्टांत त्या भेटतात, नॅनोग्रॅम आणि पिकोग्रॅमच्या वेषात, त्यामुळे त्यांची गरज कमी नाही. पण लहान संख्यांत लोक वेगळ्या तऱ्हेने चुकतात, आणि दोन्ही चुका एकत्र शिकवल्या की दोन्ही पक्क्या होतात. त्यांना स्वतंत्र पुस्तक लागेल. ते जो कोणी लिहील त्याने लॉग टेबलातल्या ‘बार’पासून सुरुवात करावी, म्हणजे दोन सहस्रांशाचा लॉग ‘बार थ्री पॉइंट थ्री झीरो वन झीरो’ का म्हणायचा तिथून. बारावीतली निम्मी मुलं तो नुसता पाठ करतात.